मायकल, मिखाएल, मिगेल, मिकाईल: एका नावाविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बाळाच्या नावांच्या याद्या चाळताना 'मायकल'समोर बहुतेक वेळा 'देवासारखा' असा अर्थ लिहिलेला दिसतो. वाचणाऱ्याला तो गोडही वाटतो. पण हे नाव ज्या भाषेतून आले, त्या हिब्रूत त्याचा अर्थ तसा नाही. जवळजवळ उलटाच आहे. या नावाबद्दल लोक जे जे विचारतात ते इथे एकत्र केले आहे. पहिले उत्तर मात्र आधी वाचा, कारण पुढच्या बऱ्याच गोष्टी त्यावर उभ्या आहेत.

मायकल म्हणजे 'देवासारखा', बरोबर ना?

नाही. हिब्रूतले मूळ नाव मीखाएल. त्याचे तीन तुकडे पडतात: 'मी', 'खा' आणि 'एल'. हिब्रूत 'मी' म्हणजे 'कोण'. 'खा' हे 'के'चे रूप, म्हणजे 'सारखा'. 'एल' म्हणजे देव. तिन्ही जोडले की होते: 'देवासारखा कोण?'

हा प्रश्न उत्तरासाठी विचारलेला नाही. आपण म्हणतो, "आईसारखं कोण करणार?" असे म्हणणारा उत्तराची वाट पाहत थांबत नाही. कोणीच नाही, हे त्याला सांगायचे असते आणि ऐकणाऱ्यालाही ते कळते. मीखाएलमधला प्रश्न याच जातीचा आहे. देवासारखा कोण? कोणीही नाही, आणि हे नाव धारण करणारा तर नाहीच.

मराठी माणसाला इथे एक वेगळीच गंमत सापडते, आणि मला ती फार मोलाची वाटते. हिब्रूतल्या 'मी'ला आपला मराठी 'मी' समजून हे नाव वाचले, तर अर्थ निघतो 'मी देवासारखा'. हीच ती बढाई. ख्रिस्ती परंपरेनुसार सैतान ज्या गर्वामुळे स्वर्गातून पडला, तो गर्व नेमका या शब्दांत सांगता येतो. यशयाच्या ग्रंथाच्या चौदाव्या अध्यायात बाबेलचा (बॅबिलोनचा) राजा 'मी परात्परासारखा होईन' अशा अर्थाचे मनात म्हणतो. पुढच्या ख्रिस्ती वाचकांनी ते वाक्य सैतानाच्या तोंडी दिले. 'मी' म्हणजे 'कोण' हे लक्षात ठेवले की तीच अक्षरे त्या बढाईला दिलेले उत्तर होतात. 'देवासारखा' एवढाच अर्थ छापणारी यादी 'कोण' गाळते, आणि त्याबरोबर नावाचा जीवच गाळते.

नावातच प्रश्न, असे आणखी कुठे आढळते?

हिब्रूत हे एकटे नाव नाही. बायबलमधला संदेष्टा मीखा याचे नाव याच साच्यातले: मी-खा-या, 'याहवेसारखा कोण?' (याहवे हे हिब्रू बायबलमधले देवाचे नाव). दानीएलच्या ग्रंथात तीन तरुणांना धगधगत्या भट्टीत टाकल्याची कथा आहे. त्यांतल्या मीशाएल या तरुणाच्या नावातही हेच 'मी' आणि 'एल' आहेत.

हा प्रश्न नावांबाहेरही घुमत राहतो. बायबलमधल्या निर्गम ग्रंथाच्या पंधराव्या अध्यायात समुद्र ओलांडून आलेले इस्राएल लोक गातात, त्यात 'मी खामोखा' हे शब्द येतात: देवांमध्ये तुझ्यासारखा कोण आहे? ज्यूंच्या रोजच्या सकाळ-संध्याकाळच्या प्रार्थनेत ते आजही म्हटले जातात. स्तोत्रसंहितेतल्या ११३व्या स्तोत्रातही हाच सूर आहे. म्हणजे ज्याने मुलाचे नाव प्रथम मीखाएल ठेवले, त्याने घरात रोज कानावर पडणारा एक उद्गार मुलाला दिला होता.

याचा सर्वात तीव्र वापर बायबलच्या शेवटच्या ग्रंथात आहे. प्रकटीकरणाच्या बाराव्या अध्यायात मीखाएल आणि त्याचे दूत अजगराशी लढतात आणि अजगराला खाली टाकले जाते. लगेच तेराव्या अध्यायात समुद्रातून एक श्वापद वर येते, आणि लोक त्याला नमन करत विचारतात: या श्वापदासारखा कोण आहे, आणि याच्याशी कोण लढू शकेल? ज्याला हिब्रू येते त्याच्या कानात इथे मीखाएलचे नाव वाजते, फक्त देवाच्या जागी श्वापद बसलेले असते. सत्तेपुढे वाकलेल्या गर्दीने देवदूताचे नावच चोरून उलटे केले आहे. ग्रंथ ग्रीकमध्ये आहे, पण लिहिणाऱ्याच्या मनात हिब्रू शास्त्र पक्के बसलेले होते. हा प्रतिध्वनी योगायोगाने आला, असे मला वाटत नाही.

पुढे लॅटिनमध्ये या नावाचे भाषांतर झाले 'क्विस उत देउस', आणि चित्रांत व मूर्तींवर मीखाएलच्या ढालीवर हे तीन शब्द कोरलेले दिसू लागले. योद्ध्याच्या ढालीवर त्याची बिरुदावली असते. याच्या ढालीवर प्रश्न आहे.

शेवटचा 'एल' काय आहे?

'एल' हा देवासाठी असलेला फार जुना सेमिटिक शब्द. कनानी लोकांच्या श्रेष्ठ देवाचे नावही एलच होते. सीरियाच्या किनाऱ्यावरच्या उगारित नगरीत सापडलेल्या मातीच्या पाट्यांत तो जागोजागी भेटतो. हिब्रू नावांत हा 'एल' भरपूर आहे: दानीएल म्हणजे देव माझा न्यायाधीश, रफाएल म्हणजे देवाने बरे केले, उरिएल म्हणजे देव माझा प्रकाश, यहेज्केल म्हणजे देव बळ देवो. गाब्रिएलच्या नावात 'गेवेर', म्हणजे सामर्थ्यवान पुरुष, हा शब्द आहे.

महाराष्ट्राला ही नावे परकी नाहीत. कोकणातल्या बेने इस्राएलांच्या समाजाच्या नावातच 'एल' आहे; अलिबागेत त्यांची इस्राएल आळी आहे. तेल गाळणाऱ्या आणि शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या या लोकांना शेजारी शनवार तेली म्हणत. त्यांनी हिब्रू नावे टाकली नाहीत, त्यांना मराठी वळण दिले. मुंबईतल्या मांडवी भागात १७९६ साली पहिले सिनेगॉग, म्हणजे ज्यू प्रार्थनास्थळ, उभारणारे सॅम्युअल इझिकिएल दिवेकर हे गावात सामाजी हसाजी दिवेकर म्हणून ओळखले जात. शमुएलचे सामाजी, यहेज्केलचे हसाजी, आणि गावावरून दिवेकर. या एका नावात जेरुसलेम आणि रायगड शेजारी बसले आहेत. गंभीर, मिस्कील आणि अस्सल मुंबईकर कवी निस्सिम इझिकिएल यांच्या आडनावातही तोच यहेज्केल आहे.

हे आधी देवदूताचे नाव होते की माणसाचे?

बायबलच्या क्रमाने वाचले तर माणसाचे. बायबलमधल्या गणना ग्रंथाच्या तेराव्या अध्यायात कनान देश हेरायला पाठवलेल्या बारा जणांची यादी आहे. त्यांत आशेर वंशाचा सथूर आहे, आणि तो मीखाएलचा मुलगा. म्हणजे हा पहिला मीखाएल कोणाचा तरी बाप आहे. त्याच्याविषयी एवढेच कळते. पुढे यहोशाफाट राजाच्या एका मुलाचे नावही मीखाएल होते. थोरला भाऊ यहोराम गादीवर बसला आणि त्याने आपल्या भावांना तलवारीने मारले, त्यांत हाही गेला. देवदूताच्या तलवारीखाली सैतान पडतो हे जगभर रंगवले गेले. भावाच्या तलवारीखाली पडलेल्या या मीखाएलची आठवण कोणी काढत नाही.

देवदूत म्हणून हे नाव दानीएलच्या ग्रंथात उगवते, आणि तो ग्रंथ हिब्रू बायबलमधल्या सर्वात उशिरा पूर्ण झालेल्या ग्रंथांपैकी आहे. त्याआधीच्या ग्रंथांत देवाचे दूत येतात-जातात, पण बहुधा नावाविना. जेरुसलेमी तल्मूदात, म्हणजे ज्यू धर्मपंडितांच्या चर्चांच्या जुन्या संग्रहात, रब्बी (ज्यू धर्मगुरू) सांगतात की देवदूतांची नावे लोकांबरोबर बाबेलहून आली. बाबेलमधल्या हद्दपारीत घर गेले, देऊळ गेले, आणि परतताना लोकांनी आपल्या रक्षकांची नावे सोबत आणली, ही कल्पनाच हलवून सोडते.

बायबलात देवदूत मीखाएल नेमके काय करतो?

फार थोडे. पुढच्या दोन हजार वर्षांत त्याच्याभोवती जे उभे राहिले, त्याच्या मानाने ओळी मोजक्या आहेत. दानीएलच्या दहाव्या अध्यायात एक दूत सांगतो की पारसाच्या (इराणच्या) अधिपतीने मला एकवीस दिवस अडवले, तेव्हा मीखाएल माझ्या मदतीला आला. बाराव्या अध्यायात तो इस्राएल लोकांचा रक्षक म्हणून अत्यंत संकटाच्या काळी उभा राहतो. यहूदाच्या छोट्या पत्रात मोशेच्या मृतदेहावरून त्याचा सैतानाशी वाद होतो. आणि प्रकटीकरणातले युद्ध. बस्स.

यांत यहूदाच्या पत्रातला प्रसंग मला सर्वात जवळचा वाटतो. मीखाएल तिथे सैतानालाही शिव्याशाप देत नाही. 'प्रभू तुला धमकावो' एवढेच म्हणतो आणि निवाडा देवावर सोडतो. इतका बलवान, पण तोंडाला लगाम. नावाचा अर्थ त्याच्या वागण्यात उतरलेला दिसतो तो इथे.

ज्यू परंपरेत मीखाएलचे स्थान काय?

तो इस्राएलचा कैवारी, देवापुढे त्यांची बाजू मांडणारा. तल्मूदात अब्राहामाच्या तंबूपाशी आलेल्या तीन पाहुण्यांची ओळख दिली आहे: साराला मुलगा होणार ही बातमी आणणारा मीखाएल, अब्राहामाला बरे करणारा रफाएल, आणि सदोम उलथून टाकायला निघालेला गाब्रिएल. मृत समुद्राजवळ कुमरान इथे सापडलेल्या युद्धाच्या गुंडाळीत मीखाएल, गाब्रिएल, सारिएल आणि रफाएल यांची नावे लढाईतल्या ढालींवर लिहावीत अशी सूचना आहे.

पण मनाला भिडते ती झोपताना म्हणायची प्रार्थना. अंथरुणावर पडल्यावर ज्यू मुले म्हणतात: माझ्या उजवीकडे मीखाएल, डावीकडे गाब्रिएल, समोर उरिएल, मागे रफाएल, आणि डोक्यावर देवाचे सान्निध्य. दिवेलागणीला रामरक्षा ऐकत वाढलेल्या कोणालाही हे ओळखीचे वाटेल. डोके याने राखावे, कपाळ त्याने राखावे, असे एकेक अवयव सोपवत जाणे आणि अंधाराला चारी बाजूंनी बांध घालणे. श्रद्धा वेगळ्या, पण रात्रीची भीती आणि ती घालवायची रीत सारखी.

आणि इस्लाममध्ये?

कुराणात हे नाव एकदाच येते, दुसऱ्या सुऱ्याच्या ९८व्या आयतीत, जिब्रीलच्या बरोबरीने आणि 'मीकाल' या रूपात. आपल्याकडच्या मुस्लिम घरांत मुलाचे नाव मिकाईल असे ठेवले जाते, ते हेच. इस्लामी परंपरेत मिकाईलकडे पाऊस आणि अन्न यांची जबाबदारी आहे.

इथे जरा थांबावेसे वाटते, कारण पाण्याचा हा धागा लांब पसरला आहे. ज्यू मिद्राशांत, म्हणजे शास्त्रावरच्या रब्बींच्या विवरणांत, मीखाएल बर्फाचा अधिपती, तर गाब्रिएल अग्नीचा. इजिप्तच्या कॉप्टिक ख्रिस्ती लोकांत पाओनी महिन्याच्या १२ तारखेला मीखाएलचा सण असतो आणि त्याचा संबंध नाईलच्या पुराशी जोडला जातो. इथिओपियात तर प्रत्येक महिन्याची १२ तारीख त्याची. आशिया मायनरमध्ये, आजच्या तुर्कस्तानात, खोनाई इथे त्याने उधळलेले पाणी खडकात वळवून देऊळ वाचवल्याची कथा आहे. पौर्वात्य चर्च ६ सप्टेंबरला ती साजरी करते. पश्चिम युरोपातल्या चित्रांतून आपल्यापर्यंत पोचला तो तलवारीचा मायकल. पावसाचा मिकाईल मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला अधिक जवळचा वाटला असता.

देवदूत तर कधी माणूस नव्हता, मग 'संत मायकल' कसे?

इथे 'संत' हा 'सेंट'साठी आलेला शब्द आहे; 'सेंट'चा मूळ अर्थ 'पवित्र' असा धरला की अडचण राहत नाही. कॅथलिक चर्चमध्ये मीखाएल, गाब्रिएल आणि रफाएल या तिघांनाच नावाने पुजण्याची मुभा आहे. इ. स. ७४५ साली पोप झकारियास यांच्या काळात रोममध्ये भरलेल्या सभेने बायबलबाहेरच्या देवदूतांची नावे घेऊन केलेल्या प्रार्थना नाकारल्या. म्हणून ज्यू प्रार्थनेत समोर उभा असलेला उरिएल कॅथलिक देवळांत सहसा दिसत नाही. प्रोटेस्टंट मंडळ्या देवदूतांकडे प्रार्थना करत नाहीत. यहोवाचे साक्षीदार आणि सेव्हन्थ डे ॲडव्हेंटिस्ट तर मीखाएल म्हणजे ख्रिस्तच असे मानतात.

त्याच्या हातात तलवार आणि तराजू का?

तलवार किंवा भाला प्रकटीकरणातल्या युद्धासाठी. पायाखाली अजगर किंवा सैतान. रफाएल या चित्रकाराने १५१८ साली काढलेले असे एक चित्र पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. ड्यूररने १४९८च्या लाकूडठशात हीच लढाई अक्षरशः आकाशभर पसरवली. तराजू मात्र बायबलात नाही. मेलेल्यांचे आत्मे तोलणारा मीखाएल ही मध्ययुगीन कल्पना. आपल्याला चित्रगुप्ताच्या वहीची आठवण होते, आणि पायाखालचा राक्षस पाहून महिषासुरमर्दिनीची. आठवण होणे साहजिक आहे, पण दोन्ही एकच म्हणू नये. देवी स्वतः देवी आहे, तिचा विजय तिचा. मीखाएल सेवक आहे, आणि हे सांगायला त्याला नावाखेरीज काही लागत नाही.

मूर्तींमधली मला सर्वात आवडते ती रोमच्या सान्त आंजेलो किल्ल्यावरची. इ. स. ५९० मध्ये रोममध्ये प्लेग होता. कथा अशी की पोप ग्रेगरी लोकांसह प्रार्थना करत जात असताना त्यांना सम्राट हेड्रियनच्या समाधीवर मीखाएल दिसला, तलवार म्यानात घालताना. साथ संपल्याची ती खूण होती. आज तिथे उभी असलेली ब्राँझची मूर्ती अठराव्या शतकातली आहे, आणि तिच्यातही तलवार म्यानाकडे चाललेली आहे.

डोंगरांवर आणि बेटांवर त्याची इतकी देवळे कशी?

उंच जागा त्याच्या, ही समजूत फार जुनी. दक्षिण इटलीत गार्गानो डोंगरातल्या गुहेत पाचव्या शतकाच्या अखेरीपासून त्याचे ठाणे असल्याचे परंपरा सांगते, आणि लोम्बार्ड लोकांनी त्याला आपला रक्षक मानले. फ्रान्समध्ये भरतीच्या पाण्याने वेढल्या जाणाऱ्या खडकावरचे मों सँ मिशेल: तिथे अव्हरांशचे बिशप ओबेर यांना ७०८ साली दृष्टांत झाला, अशी कथा आहे. आयर्लंडच्या किनाऱ्यापासून दूर समुद्रात स्केलिग मायकल नावाचा उभा सुळका आहे. त्यावर संन्यासी दगडी खोपटी बांधून राहिले. तिन्ही जागा आज युनेस्कोच्या जागतिक वारशात आहेत.

पूर्वेकडे बायझंटाईन गादीवर मिखाईल नावाचे नऊ सम्राट बसले. त्यांतल्या आठव्याने १२६१ साली कॉन्स्टँटिनोपल परत मिळवले. रशियात रोमानोव्ह घराण्याचा पहिला झार १६१३ साली निवडला गेला, तोही मिखाईल. उत्तरेकडच्या अर्खांगेल्स्क शहराचे नाव मुख्य देवदूताच्या मठावरून पडले आहे.

एकाच नावाची इतकी रूपे कशी झाली?

हिब्रूतला घशातून येणारा 'ख' ग्रीकांनी आपल्या 'खी' या अक्षराने लिहिला. लॅटिनमध्ये तो दोन अक्षरांचा जोड झाला, आणि मग ज्याने त्याने तो आपल्या जिभेप्रमाणे वाचला. रशियनांनी 'ख' टिकवला: मिखाईल, लाडाने मिशा. फ्रेंचांनी त्याचा 'श' केला: मिशेल. स्पॅनिश आणि पोर्तुगीज भाषांत तो 'ग' झाला: मिगेल. इटालियनमध्ये मिकेले, आणि त्याला 'देवदूत' जोडून मिकेलांजेलो, म्हणजे आपला मायकेलअँजेलो. हंगेरियन मिहाय, रोमानियन मिहाई, पोलिश मिहाऊ, फिनिश मिक्को. इंग्रजीत पहिल्या स्वराचा 'आय' झाला आणि शेवटचा 'एल' पुसट होत 'कल' उरला. मायकलमध्ये देवाचा 'एल' कानाला सापडतच नाही. अर्थ विसरला जाण्याचे तेही एक कारण असावे.

२९ सप्टेंबरचे महत्त्व काय?

पश्चिमी चर्चमध्ये तो मीखाएलचा दिवस. १९६९ मध्ये कॅथलिक पंचांग सुधारले तेव्हा गाब्रिएल आणि रफाएल यांचे वेगळे दिवस काढून तिघांचा सण याच तारखेला आणला. पौर्वात्य ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये मुख्य सण ८ नोव्हेंबरला असतो. इंग्लंडात हा दिवस वर्षाच्या चार हिशेबाच्या दिवसांपैकी एक होता: पीक घरात आले, खंड भरायचा, गडी-माणसांचे करार नवे करायचे. आपल्याकडे दसऱ्या-दिवाळीच्या सुमाराला असते तशी ती वेळ. ऑक्सफर्ड आणि केंब्रिजच्या शरदातल्या सत्राला आजही मायकलमस म्हणतात.

मूल ज्या संताच्या दिवशी जन्मले त्याचे नाव त्याला देण्याची रीत होती. स्पॅनिश लेखक मिगेल दे सेर्व्हान्तेस यांचा बाप्तिस्मा ९ ऑक्टोबर १५४७ रोजी झाल्याची नोंद आहे, जन्मतारखेची नाही. पण नाव मिगेल, म्हणून जन्म २९ सप्टेंबरचा असावा असे मानतात.

महाराष्ट्र आणि गोव्यात हे नाव कसे आले?

पोर्तुगीजांबरोबर, सोळाव्या शतकात. बारदेशातल्या हणजुणेचे चर्च सां मिगेलचे, सासष्टीतल्या ओर्लीचेही. ताळगावचे चर्चसुद्धा त्याचेच. तिथे २१ ऑगस्टला नव्या भाताची कणसे कापून कणसांचे फेस्त होते. इकडे वसईत माणिकपूरचे चर्च मिखाएलचे. गावातल्या बोलण्यात मिगेलचा मिंगेल होतो, आणि इंग्रजी शाळेत गेलेला नातू मायकल. एकाच घरात आजोबा मिंगेल आणि नातू मायकल असले तरी नाव तेच राहते.

मुंबईत मात्र लाखो लोक मिखाएलच्या दारातून जातात आणि त्यांना ते ठाऊक नसते. माहीमचे चर्च, जिथे दर बुधवारी नोव्हेना या प्रार्थनेसाठी सर्व धर्मांचे लोक मेणबत्त्या घेऊन रांगा लावतात, ते सेंट मायकलचे. स्थापनेचे साल परंपरेने १५३४ सांगतात, आजची इमारत १९७३ची. नोव्हेना १९४८ साली सुरू झाली, ती मारियामातेची. त्यामुळे 'माहीमला जाऊन येते' म्हणणारी बाई आईला भेटून येते, आणि ज्याच्या घरात ती भेट होते तो बाजूला उभा असतो. हे त्याने पूर्वीही केले आहे. मराठे आणि पोर्तुगीज यांच्या १७३९च्या युद्धाच्या धामधुमीत वांद्र्याच्या डोंगरावरची मोत मावलीची (माउंट मेरीची) मूर्ती काही वर्षे याच माहीमच्या चर्चमध्ये ठेवली होती. ज्या मोहिमेत चिमाजी अप्पांनी वसई घेतली तीच ही मोहीम. आपण ती एका बाजूने शिकतो. माहीमच्या चर्चमध्ये तिची दुसरी बाजू जपली गेली.

मुलीसाठी याचे रूप आहे का?

आहे. मिशेल, मिकाएला, मिखाएला ही उघडच यापासून आलेली. शौल राजाची मुलगी आणि दावीदाची पहिली बायको मीखल हिचे नावही बहुतेक अभ्यासक याच नावाचे आखूड रूप मानतात. पण 'मीखल' असा पाण्याच्या ओहोळाचा एक शब्दही शमुएलच्या दुसऱ्या ग्रंथात येतो, त्यामुळे दुसरी शक्यताही मोकळी राहते. खिडकीतून नवऱ्याला खाली उतरवून त्याचा जीव वाचवणारी ती ही मीखल. मला हे नाव मुलीसाठी मिशेलपेक्षा कितीतरी देखणे वाटते, आणि मराठी कानाला परके नाही.

हे नाव आता जुनाट झाले आहे का?

अमेरिकेत ते एके काळी फारच होते. तिथल्या सामाजिक सुरक्षा खात्याच्या नोंदींनुसार १९५४ ते १९९८ या काळात मुलग्यांत मायकल पहिल्या क्रमांकावर राहिले, अपवाद फक्त १९६०चा. त्या वर्षी डेव्हिड पुढे गेले. आता ते मागे सरले आहे. आपल्याकडे ख्रिस्ती घरांत ते आजोबांच्या आठवणीखातर ठेवले जाते, आणि आजोबांचे नाव कधी जुनाट होत नसते.

बाळाचे नाव ठेवायचे आहे. कोणते रूप निवडावे?

घरात आधीपासून जे आहे ते. आजोबा मिगेल असतील तर मिगेल, मशिदीशी नाते असेल तर मिकाईल. मोकळेपणाने निवडायचे असेल तर मिखाएल घ्या, कारण त्यात तिन्ही शब्द ऐकू येतात आणि मूल मोठे झाल्यावर त्याला नाव उलगडून सांगता येते. लिहिताना 'मीखाएल', 'मिखाएल', 'मिखाईल' यांपैकी एक ठरवा, आणि जन्मदाखल्यावर जे लिहाल तेच आधार आणि शाळेच्या दाखल्यावर राहील हे पाहा. नावात बदल झाला की मुलाला पुढे राजपत्रापर्यंत खेटे घालावे लागतात. आणि बारशाच्या किंवा बाप्तिस्म्याच्या पत्रिकेत अर्थ छापणार असाल, तर 'देवासारखा'पुढे 'कोण' लिहा आणि प्रश्नचिन्ह विसरू नका.